वडिलांची प्रकृती उत्तम आहे

९ मार्च, सॅक्सबी हॉल
वडिलांच्या सेवेसाठी गावी आलो. निव्वळ प्रेमापोटी. नव्वदी जवळ आलीय, छातीत कफ. मी एकुलता एक मुलगा. मी नाही बघायचं तर कोणी?
आणखी एक बाब, नुसती नोंद म्हणून. वडील गेले की त्यांची सरदारकी, म्हणजे लॉर्ड हा किताब, त्याच क्षणी माझ्याकडे येणार. आणि सरदाराला कॉमन्समध्ये, म्हणजे खालच्या सभागृहात, बसता येत नाही. निवडून आलेली जागा सोडून वरच्या सभागृहात म्हाताऱ्यांबरोबर डुलक्या काढायच्या. ईस्टरच्या आधी मंत्रिमंडळ बदलतंय आणि परराष्ट्रमंत्री कॉमन्समधलाच हवा, असा पंतप्रधानांचा हट्ट आहे. रोम, बुखारेस्ट, लिस्बन, सगळीकडच्या वकिलाती मी गाजवल्या. दुसरं आहे कोण?
तेव्हा ईस्टरपर्यंत वडील ठणठणीत हवेत. प्रेम तर आहेच.

११ मार्च
नवी शिस्त. खिडक्या बंद. पोर्ट वाइन बंद. दर तीन तासांनी सूप, मी स्वतः भरवणार. पहिला चमचा गिळून वडील म्हणाले, "तुझी आई गेली तेव्हा तू बुखारेस्टला होतास. तेव्हा रजा नव्हती वाटतं?"
तेव्हा तह व्हायचा होता. सविस्तर समजावलं. त्यांनी तोंड उघडलं, मी दुसरा चमचा घातला.

१३ मार्च
पक्षाच्या प्रतोदांना फोन केला. वडिलांची प्रकृती उत्तम आहे म्हणून सांगितलं. त्यांनी विचारलं नव्हतं, पण वातावरण तयार ठेवलेलं बरं. आता रोज फोन करायचा.

१८ मार्च
ट्राउटचा हंगाम सुरू झालाय. वडिलांना नदीवर जायचंय. "गळ नाही टाकणार रे. काठावर नुसता बसेन."
गार वारं, ओल. अशक्य. वाटाघाटी केल्या. ईस्टर झाला की नेतो, असा शब्द दिला. ते म्हणाले, "यंदा ईस्टर उशिरा आहे." मी म्हटलं, हां हां म्हणता येईल.
नर्स मिस ब्लाइद म्हणाल्या, "शाली गुंडाळून अर्धा तास न्या की. दुसरं काय मागतात ते?" बाईंना राजकारण कळत नाही.

२१ मार्च
प्रतोदांना कळवलं, आज दोन अंडी खाल्ली. ते म्हणाले, "अरे वा." आवाजात आदर होता.
दुपारी पत्ते खेळलो. वडील लबाडी करतात. मला हसू आवरेना. सातव्या वर्षी मला बोर्डिंगला धाडलं, त्यामुळे आम्ही असे कधी बसलोच नव्हतो. नोंदवण्यासारखं विशेष काही नाही. दिवे लागेपर्यंत खेळलो.

२७ मार्च
पंतप्रधानांचा फोन. स्वतः बोलले. परराष्ट्र खातं हॅलमला दिलं. हॅलम! लिस्बनला माझ्या हाताखाली पेन्सिलींना टोकं काढत होता.
म्हणाले, "तुमचे वडील इतके अत्यवस्थ असताना तुम्हाला कसं विचारणार?"
अत्यवस्थ? कोणी सांगितलं?
"अहो, तुम्हीच. रोज फोन करून उत्तम आहेत, उत्तम आहेत म्हणता. सगळ्या सभागृहाला ठाऊक झालंय."
एका राजवाड्यातून रोज 'महाराजांची प्रकृती उत्तम' अशी पत्रकं निघू लागली, तेव्हा मीच सगळ्यांच्या आधी दुखवट्याचे काळे हातमोजे शिवायला टाकले होते.

२८ मार्च
खचलो नाही. हॅलम दिवाळं काढणार, मग माझ्याकडे धावत येतील.
पिडकॉकनं, म्हणजे आमच्या बटलरनं, वडिलांना वर्तमानपत्र वाचून दाखवलं. हॅलमची बातमी ऐकून ते मला बोलावून म्हणाले, "म्हणजे आता मी मेलो तरी हरकत नाही ना?"
"पपा, काय हे!"
ते हसले, मग बराच वेळ खोकले. "चल, मग ने आता नदीवर."
उद्या नेतो म्हटलं. आज हॅलमला अभिनंदनाचं पत्र लिहायचं होतं.

२९ मार्च
लख्ख ऊन. वारा नाही. पत्राला योग्य सूर सापडेना, चार कागद फाडले. वडिलांनी दोनदा विचारायला पाठवलं. उद्या नक्की.

३० मार्च
सकाळीच चाकांची खुर्ची, घोंगड्या, सगळं तयार ठेवलं. वडिलांना उठवेना. म्हणाले, "राहू दे आता. खिडकी तेवढी उघड."
उघडली. तिथून नदी दिसत नाही, तबेला दिसतो. मी उगाच सांगू लागलो, पाणी नितळ आहे पपा, मासे वर येताहेत, पलीकडे विलोला पालवी फुटलीय.
"बोलत राहा," म्हणाले.
बोलत राहिलो. आयुष्यात इतकं मनापासून कधी बोललो नसेन. शेवटी मिस ब्लाइदनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाल्या, "आता पुरे."

३१ मार्च, सकाळ
झोप नाही. पिडकॉक ट्रे घेऊन आला. मी शाळकरी होतो तेव्हापासून तो मला एव्हरार्डसाहेब म्हणतो. आज म्हणाला, "लॉर्डसाहेब, चहा."
मी म्हटलं, "आधी पपांना नेऊन दे, थांबले असतील."
तो ट्रे घेऊन तसाच उभा राहिला.