हातात शेंगा दिल्यावर

अप्पा, तुमची एक सवय परवा माझ्या फार उपयोगी पडली. तुम्ही लग्नांचं शूटिंग करायचात आणि मी पंगतीच्या आशेनं सोबत यायची. मुलीचा बाप कॅमेऱ्यासमोर आला की पासपोर्टच्या फोटोला बसल्यासारखा ताठ. मग तुम्ही मागून ओरडायचात, "अहो, त्यांच्या हातात काहीतरी द्या की!" कुणीतरी विड्याचं तबक द्यायचं. तो पानं सारखी करत बसायचा, आणि मध्येच लेकीकडे बघताना त्याचे डोळे भरायचे. तेवढं तुम्ही बरोबर टिपायचात. तुमचं ओरडणंही टेपमध्ये यायचं. लोक वैतागायचे, "लग्न आमचं आणि आवाज तुमचा!"

हल्ली मी लढाईत विमानं चालवलेल्या माणसांवर माहितीपट करते. एकाहत्तरच्या लढाईतले एक वैमानिक सोलापुरात राहतात, मूळचे टेंभुर्णीकडचे. त्यांच्यासोबत उडालेला दोस्त परत आला नाही. तो शेवटी काय बोलला हे फक्त यांना ठाऊक, आणि यांची आठवण आता विरत चालली आहे. दोस्ताची धाकटी बहीण अजून विचारते. "बोलतेत की," यांची सून म्हणाली, "पण त्या दोस्ताचं नाव काढलं की गप." मी दोनदा गेले. दोन्ही वेळा ते कोट चढवून, पदकं लावून बसले आणि देश, कर्तव्य, शिस्त यावर भाषण केलं. मला रडू यायचं बाकी होतं.

पुढच्या खेपेला माझ्या तोंडून निघूनच गेलं, "वहिनी, त्यांच्या हातात काहीतरी द्या की!" सुनेनं चटणीसाठी भाजलेल्या शेंगा पुढ्यात ठेवल्या. ते सोलू लागले. मग चार शेंगा न सोलताच टेबलावर विमानांसारख्या तिरप्या मांडल्या. "आमी चौघं असं चाललो हुतो. ह्यो मी. ह्यो त्यो." शेवटच्या शेंगेवर बोट. "रेडिओवर इंग्लिशच बोलायचा नियम. त्या दिवशी मराठीत बोलला, बाकी दोघांना काय कळंना. 'तू हो म्होरं, मी आलोच.' मी वळायला पायजे हुतं." तीन शेंगा पुढे सरकवल्या आणि चौथी मुठीत धरून बसले. मी कॅमेरा बंद केला नाही.

बहिणीनं तो भाग पुन्हा पुन्हा लावायला सांगितला. "दादाच 'पुढं हो' म्हणाला ना? मग ते कशाला वळतील?" म्हणाली, आणि रडता रडता हसली. मी तिचं बोलणं त्यांना ऐकवलं. आता ते स्वतःहून फोन करतात, "कधी येताय? अजून लई सांगायचं हाय." अप्पा, मला केवढा आनंद झालाय!

एक मात्र सांगते. संकलक मला म्हणतो, "मॅडम, शेंगांच्या आधीचा तुमचा आवाज कापा." मी हो म्हणते आणि कापत नाही. तुम्ही सगळ्या टेपा ज्यांच्या त्यांना देऊन टाकल्यात. आता तुम्ही नाही आणि आपल्या घरात तुमचा आवाजही कुठेच नाही, म्हणून तुमचं ते वाक्य मी माझ्याच आवाजात लावून ऐकते.