निघणाऱ्या पोराला शेवया

ती. ताईस,

धाकट्या भावाचा, बाओशेंगचा, वाकून नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? भावजी अजून जेवणापेक्षा व्हिनेगरच जास्त पितात का? मी मजेत आहे, काळजी करू नकोस. (पोट बिघडलंय, पण त्याचं कारण पुढे येईल.)

तुला ठाऊकच आहे, बारा वर्षं मी दुसऱ्यांच्या चित्रपटांवर कॅमेरा चालवला आणि मग मला दिग्दर्शक व्हायची खाज सुटली. पहिल्या चित्रपटात नायिकेला 'रड' म्हणायच्या ऐवजी मी 'दोन बोटं खिडकीकडे सरक' एवढंच म्हणत राहिलो. ती शेवटपर्यंत सरकत राहिली. रडले ते स्टुडिओचे साहेब. आता दुसरा चित्रपट आपल्याच गावात, डोंगरात कोरलेल्या आपल्याच घरात चाललाय. मुलगा बीजिंगला शिकायला निघतो आणि आई त्याला जेवू घालते, एवढाच प्रसंग मंगळवारी घ्यायचा होता. डावीकडच्या खिडकीतून उजेड, मध्ये शेवयांचा वाडगा, वर वाफ. मी डोळा कॅमेऱ्याला लावला (कॅमेरामन नेमलाय, पण त्याच्या हाती मी कॅमेरा देत नाही, तो बिचारा वाडगे विसळतो) आणि 'चला' म्हणणार, तोच आपली शेजारीण फान आजी, जिला मी शेजारणींच्या घोळक्यात उभं केलं होतं, ती कमरेवर हात ठेवून थेट कॅमेऱ्यापुढे आली.

"निघणाऱ्या पोराला शेवया? ही आई आहे की सावत्र आई?"

निघताना उकडलेल्या करंज्या आणि पोचल्यावर शेवया, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही कळतं. मी म्हटलं, आजी, माझ्या आईनं मला शेवयाच दिल्या होत्या. त्यावर म्हातारी म्हणाली, "तुझ्या आईला मी चाळीस वर्षं ओळखत होते. तुला शहरात अक्कल सोडून सगळं मिळालं बघ." झालं, बायांनी संप केला. त्यांनीच पीठ मळलं, दोनशे करंज्या केल्या आणि आम्हा सगळ्यांना बळेबळे खाऊ घातल्या. मंडळी सुस्तावली, उजेड गेला, दिवस फुकट. (पोटाचं कारण आलं.)

ताई, तेव्हापासून मी विचार करतोय. पोचल्यावरच्या शेवया म्हणाव्यात, तर मी पोचलो कधी? सुट्टीत कॅमेरा हाती मिळतो म्हणून बीजिंगला शिकत होतो ती चार वर्षं घरी फिरकलोच नाही, आणि आलो तेव्हा आईला माती देऊन तुम्ही परतला होतात. म्हणजे त्या निघतानाच्याच असणार. खिडकी आठवते, उजेड कुठून येत होता ते आठवतं, वाडग्याचा उडालेला टवकासुद्धा आठवतो. आईचा चेहरा तेवढा आठवत नाही. मध्ये वाफ होती. मला तिची फार आठवण येते गं.

असो. भावजींना नमस्कार, त्यांच्या व्हिनेगरच्या बुधल्यालाही.

तुझा,
बाओशेंग

ता. क. : मी घरातून निघालो त्या दिवशी तू चुलीपाशी होतीस. खरं काय ते कळव. करंज्या असतील तर प्रसंग बदलतो, आजीची माफीही मागतो.

ता. क. २ : नको, कळवू नकोस. दहा तारखेला काम संपतंय, अकराला मी तुझ्याकडे पोचतो. शेवया कर. वसंतात तू आईचं थडगं झाडायला आली होतीस, तेव्हापासून फान आजी सांगत असते की तू आता हुबेहूब आईसारखी दिसतेस. वाडगा जरा निवू दे, मग माझ्यापुढे ठेव.