पालखी कोठे थांबवावी

शके १८९३, भाद्रपद शु. ३
कारखान्याची भिंत आज पूर्ण झाली. शिवेचा दगड आत राहिला. दसऱ्यास पाच आठवडे उरले.

दरवर्षी भैरवनाथाची पालखी गावाची शीव ओलांडते, तेथे आपट्याचे सोने वाटले जाते व मंडळी परत फिरतात. काठी हाती घेऊन पुढे चालणे व शिवेच्या दगडापाशी पालखी थांबविणे हे काम तीस वर्षे माझ्याकडे आहे. मराठी चौथी उत्तीर्ण. मोजणी खात्यात सव्वीस वर्षे साखळी धरली. सबब हद्दीच्या बाबतीत या वाडीत माझ्या शब्दापुढे कोणी बोलत नाही.

आज बोलले. देवळात बैठक भरली असता तरुण मंडळींपैकी एकजण म्हणाला, "अप्पा, हमरस्त्यावर जाऊन पानं वाटू. डांबरी हाय, चप्पल बी भरत न्हाई."
मी सांगितले, शीव सोयीने ठरत नसते.
सरपंच किसनराव म्हणाले, "मग भित्तीतनं कसं जायाचं?"
"अर्ज करून."
मंडळी हसली. मी हसलो नाही.

भाद्रपद शु. ६
अर्ज लिहिला. तीन कच्चे कागद झाले. 'सदर दगडापर्यंतची वहिवाट पुरातन असून ती भिंतीमुळे खंडित झाली आहे, तरी वर्षातून एक दिवस ती मोकळी करून मिळावी.' हे वाक्य चांगले उतरले.

पुढच्या खोलीत देसाई बाई भाड्याने राहतात. मूळच्या कोकणातील, नव्या हायस्कुलात भूगोल शिकवितात. त्यांस अर्ज दाखविला. चूक निघाली नाही. निघेल अशी अपेक्षा नव्हतीच.

अर्ज परत देताना त्यांनी विचारले, "अप्पा, आपलं गाव कुठे सुरू होतं?"
"शिवेच्या दगडापासून."
"ते मोजणीचं झालं हो. तुम्हाला कुठे वाटतं?"
साखळी धरणाऱ्याला वाटत नसते, त्याला दिसते, असे उत्तर दिले. बाईंनी हाच प्रश्न नववीच्या मुलामुलींस दिला आहे. घरोघर विचारायचे, उत्तरे लिहून आणायची व त्यांवरून गावाचा नकाशा काढायचा. भूगोलाचे असे शिक्षण आमच्या वेळी नव्हते.

भाद्रपद शु. ११
बाईंनी ओट्यावर बसून उत्तरे वाचली. आळीतील निम्मी माणसे जमली होती.

आमच्या मागील खोलीतील गंगाधर हा बीडकडील मुलगा कारखान्यात लेथवर आहे. त्याचे उत्तर असे: "शेकंड शिफ्ट सुटल्यावर येताना कुत्री जिथं भुंकायची थांबत्यात, तिथून गाव. पयले सहा महिने पार दारापर्यंत भुंकायची. आता नाक्यावरच वळखत्यात." बायका पदर तोंडाला लावून हसल्या. हे भौगोलिक सत्य नव्हे, असे मी सांगितले. बाईंनी तरी वहीत लिहिले, खाली दोनदा रेघ मारली.

मग सौ.ची पाळी. "डोईवर पदर घ्यावा लागतो, तिथून गाव."
"नेमकं कुठे, काकू?"
"वड्याच्या अल्याड. करंजापाशी."
मी म्हणालो, ओढा दगडाच्या पलीकडे आहे, तेथे आपले गाव कसे असेल? सौ. म्हणाली, "मला काय ठावं. मी आपला पदर घेते." आणि भाजी निवडू लागली.

भाद्रपद व. २
कारखान्यातून बोलावणे. कोट व फेटा घालून गेलो, सोबत किसनराव. मॅनेजर साहेब दक्षिणेकडील आहेत, मराठी शिकत आहेत. बोलणे हळू, पण शुद्ध.
"आजोबा, फार कडक अर्ज लिहिता. मला तीन वेळा वाचावा लागला. हे वहिवाट म्हणजे काय?"
नेहमी जातो म्हणून आपला झालेला रस्ता, असा अर्थ सांगितला. त्यांनी तो आपल्या वहीत टिपून घेतला.
लगेच उठून बरोबर आले. दोन शेडच्या मधोमध दगड जसाच्या तसा. दसऱ्यास कारखाना बंद असतो, तरी पालखीसाठी फाटक उघडून देऊ, असे ते स्वतःहून म्हणाले.
परतताना किसनराव म्हणाले, "अर्जाचं सोडा अप्पा, तुमचा कोट बघूनच गडी गपगार झाला."
वाडीत आनंद. देवळात नारळ फोडला. मला पुढे बसविले.

भाद्रपद व. ८
गंगाधरने बातमी आणली. कामगारांनी जेवणाच्या सुट्टीत उरलेल्या विटा लावून दगडाभोवती ओटा बांधला. दगडास चुना दिला. कोणी जास्वंदाचे फूल ठेवले. "लई देखणं दिसतंय अप्पा. शेडमधल्या समद्यांनी हात लावला, तमिळ बी, बिहारी बी."
समाधान वाटले.

भाद्रपद व. ११
सौ.चे ते करंजाचे उत्तर डोक्यातून जाईना. दुपारी विचारले.
"लगीन होऊन आले तवा वड्यापाशी गाडी थांबवली तुमच्या आत्यानं. म्हनली, शीव आली, घे पदर. तवापासनं तिथंच घेते."
"आत्याबाईंस काय कळत होते? दगड अलीकडे आहे."
"दगड!" सौ. हसू लागली. "आवं, थोरल्या पाटलाच्या पायाला कुरूप झालं व्हतं. त्या दगडाजवळच्या लिंबापाशी मटकन बसला, म्हनला, आता वड्यापत्तुर न्हाई येत, हितंच वाटा सोनं. तुमीच पालखी थांबवली. काठी पयल्यांदाच हातात आलेली, लई ताठ उभे व्हता, आमी बायका लांबनं बघत व्हतो."
"मी?"
"मग कोन? फेटा तुमचाच व्हता. आन् दुसऱ्या साली पुन्ना तिथंच थांबला."
मला यातले काही आठवत नाही. लिंब आठवतो.

भाद्रपद व. १३
सकाळच्या गाडीने कासारवाडी स्टेशनाहून पुण्यास. जुन्या ओळखीवर कचेरीत गावचा नकाशा पाहावयास मिळाला.
शीव ओढ्यावर आहे.
तो दगड दोन शेतांच्या बांधाचा आहे. याच नकाशासारखे शेकडो नकाशे मी उलगडून धरले आहेत. माझ्या गावाचा कधी उलगडून पाहिला नाही. ठाऊक आहे, असे समजत होतो.
गाडीत उभा राहून आलो. बसावयास जागा होती.

आश्विन शु. १
घटस्थापना. कोणास बोललो नाही. न बोलल्यास कोणास कळणारही नाही. सौ. जाणते, पण तिला यात काही विशेष वाटत नाही. ओटा बांधून झाला आहे. साहेबांनी फाटकाची किल्ली वेगळी काढून ठेविली आहे. मंडळी माझे नाव घेतात.
आणि देव तीस वर्षे शीव न ओलांडता, गावातल्या गावात फिरून परत येत आहे. माझ्या काठीमागे.

आश्विन शु. ५
बाईंस सांगितले. वाटले होते, चेहरा गंभीर करतील. त्यांनी टाळी वाजविली.
"म्हणजे एका कुरुपानं गावाची सीमा सरकवली! आणि तीस वर्षं सगळ्यांना ती खरी वाटली! अप्पा, हे मला वर्गात सांगू द्या ना."
"आधी मी देवळात सांगेन. मग तुम्ही वर्गात सांगा."
हे तोंडून निघून गेले. आता मागे घेता येत नाही.

आश्विन शु. ७
आरती झाल्यावर उभा राहिलो. कागदावर लिहून नेले होते, वाचून दाखविले. 'माझ्या हातून तीस वर्षे चूक घडत आली असून तिची जबाबदारी सर्वस्वी माझी आहे.' खाली सही केली, तीही वाचली.
कोणाच्या तरी हातातली झांज उगाच वाजली.
मग किसनराव म्हणाले, "म्हंजी अप्पा, तीस वरीस आपन देवाला परसदारी फिरवून आनला?"
एवढे हसले लोक की पुजारी गाभाऱ्यातून बाहेर आला. किसनरावांच्या डोळ्यांतून पाणी. मीही हसलो, हे येथे नमूद करतो. बऱ्याच दिवसांनी पोटभर.
तरुणांनी पुन्हा हमरस्ता काढला. मी म्हणालो, यंदा देव शिवेवर जाईल. फाटकातून आत, दगडावरून सरळ मागील भिंत, भिंतीपलीकडे चाळीस पावलांवर ओढा.
"आन् मागल्या भित्तीला दार कुठाय?"
दार नाही, हे खरे आहे.

आश्विन शु. ८
दुसरा अर्ज घेऊन गेलो. साहेबांनी या वेळी कोणाची मदत न घेता स्वतः वाचला, एका दमात. शेवटी मान हलवून म्हणाले, "आजोबा, चूक कबूल करणारा अर्ज मी पहिल्यांदा वाचला. माझ्या ऑफिसात लावू का?"
"लावू नये."
"भिंत पाडता येणार नाही. शिडी चालेल?"
"देवास चालेल. मी विचार करतो."
साहेब फार हसले. खंडेनवमीस पूजेला येण्याचे निमंत्रण दिले.

आश्विन शु. ९
गेलो. लेथला झेंडूच्या माळा, ड्रिलला हळदकुंकू. गंगाधरने आपले यंत्र इतके घासले होते की त्यात माझा फेटा दिसत होता. म्हणाला, "अप्पा, उद्या पालखीला आमी आलो तर चालतंय का? मपलं गाव काय हे न्हाई."
पालखी वर घेण्यास मजबूत माणसे लागतीलच, एवढेच म्हणालो. त्याला पुरेसे झाले.

आश्विन शु. १०. विजयादशमी
पाय भरून आले आहेत. शिडीमुळे.

चार वाजता निघालो. फाटकात साहेब नवे धोतर नेसून उभे; धोतर त्यांच्या पद्धतीचे. गावची मंडळी पुढे, मागे कामगार. मोजले नाहीत, पण मिरवणुकीचा शेवट मला दिसत नव्हता. दगडापाशी पालखी धरणाऱ्यांचे पाय सवयीने थांबले. सर्वांनी माझ्याकडे पाहिले. मी काठी उचलली व म्हणालो, "पुढे."

भिंतीशी दोन शिड्या, एक अलीकडे, एक पलीकडे. गंगाधर व त्याचे सोबती भिंतीवर चढून बसले. पालखी हातोहात वर गेली. कोणी ओरडतो "ऐ सांभाळून!", कोणी "डावीकडं, डावीकडं", कोणी हिंदीत, कोणी आणखी कशात. भैरवनाथ भिंतीवर क्षणभर टेकले तेव्हा जो गजर झाला, तसा मी जन्मात ऐकला नाही.

सौ. यंदा आली होती. बायका या कामी येत नाहीत. विचारले असता म्हणाली, "मीच तर शीव दावली, मग मी न्हाई येनार?" माझ्या आधी शिडी चढली. वरून खाली वाकून म्हणते, "या की वर! का तुमच्या बी पायाला कुरूप झालं?"
चढलो. एकाहत्तराव्या वर्षी, फेट्यासह. फेटा पडला नाही.

पलीकडे उतरताच मंडळी एकमेकांस सोने देऊ लागली. ओरडून थांबविले. भिंत म्हणजे शीव नव्हे. चाळीस पावले मोजली, एकेचाळीस भरली. काठावर करंज आहे अजून. ओढ्यात पाणी घोट्याएवढे. सर्व उतरून पलीकडे गेलो. करंज आहे अजून.

तेथे सोने वाटले. गंगाधर माझ्या पायाशी वाकला. "अप्पा, मी बी ओलांडली व्हय शीव?"
मी म्हणालो, "ज्या अर्थी गावाबाहेर आलास, त्या अर्थी गावातून आलास. आणखी कोठून येणार?"
त्याने आणखी दोन पाने माझ्या हातात कोंबली, मग आणखी दोन. कोटाचे खिसे अद्याप भरलेले आहेत.

आश्विन शु. ११
एक गोष्ट राहिली होती. तो ओटा. पुढील पिढीची दिशाभूल होऊ नये म्हणून तो काढावा, असे सांगण्यास सकाळी कारखान्यात गेलो. पहिली पाळी आत येत होती.

दगडावर आपट्याच्या पानांची रास. जो येई तो दगडास हात लावी, तो कपाळी लावी व आपल्या यंत्राकडे जाई. फाटकावरचा पहारेकरी, मिस्त्री, कोणीतरी सरदारजी. मी दहा मिनिटे उभा होतो. एकही माणूस चुकला नाही.

गंगाधरास बाजूला घेऊन सांगितले की हा शिवेचा दगड नव्हे, हे काल सिद्ध झाले आहे.
"ठावं हाय की अप्पा. भित्तीवर मीच व्हतो."
"मग?"
"तुमची शीव वड्यावर. ऱ्हाऊ द्या तिथं. आमी आत आलो की हितं हात लावतो, मग कामाला लागतो. नगा काढू."
"अरे, हा दोन शेतांच्या बांधाचा दगड आहे!"
"आसू द्या. शेतं कुठं हायेत आता?"
भोंगा झाला. तो धावला.
साहेबांकडे गेलो नाही. तसाच परत आलो.

संध्याकाळी बाईंनी मुलांचा नकाशा आणला. मोठा कागद, चार जोडून केलेला. शीव ओढ्यावर, तांबड्या शाईने, मी सांगितली तशी. करंजापाशी एक पदर काढला आहे. नाक्यावर कुत्रे, शेपूट वर केलेले. कारखान्याच्या आत दोन शेडच्या मधोमध एक रिकामे वर्तुळ.
"इथे काय लिहू, अप्पा? तुम्ही सांगाल तेच लिहायचं, असं मुलांनी ठरवलंय."
'बांधाचा दगड' हे बरोबर उत्तर आहे. मोजणी खात्यात दुसरे कोणीही हेच देईल.
नकाशा ठेवून जा, मीच लिहीन, असे म्हणालो. अक्षर माझे बरे आहे.

दौत उघडली. टाक तीनदा बुडविला, तीनदा निथळला.
सौ. दारातून म्हणते, "दिवाबत्तीची येळ झाली. लिवा की काय ते."