रायमुनियाचं कुंपण

धरमपेठ, नागपूर

अहो,

तुम्ही गेल्यावर तुम्हाला पत्र लिहीन असं कधी वाटलं नव्हतं. पण गेल्या महिन्यात तुमची चांदणी गेली. ते मीच कळवायला हवं.

रामटेकच्या शेतावर पोहोचले तेव्हा ती गोठ्याच्या अंधाऱ्या कोपऱ्यात उभी होती. डोळे पिवळे, पाठीची कातडी उन्हानं सोलून निघालेली. पाण्यालाही तोंड लावेना. गुरांच्या डॉक्टरांनी विचारलं, हिनं खाल्लं काय? मी कुंपणाकडे बोट दाखवलं.

तुमचं कुंपण! शहरातल्या कुठल्याशा बंगल्यातून रायमुनियाच्या, म्हणजे घाणेरीच्या, फांद्या तुम्ही सायकलला बांधून आणल्या होत्या. एकाच गुच्छात गुलाबी आणि पिवळी फुलं, चौकोनी काटेरी दांडा, पान चुरगळलं की उग्र वास. मी वनस्पतिशास्त्र शिकलेली, लगेच ओळखलं. ही शेजारी काही जगू देत नाही, पाखरं हिचं बी रानभर टाकतील, असं बजावलं होतं ना?

"काहून चिडून राहिली वं?" तुम्ही हसलात. "गुरं तोंड लावत नाहीत, फुलं पाहाले भेटतात. आणखी काय पायजे?"

तोंड लावत नव्हती, कारण तेव्हा माळावर पवन्या गवत होतं. मग रायमुनिया टेकडीपर्यंत चढली. तिच्याखाली गवताची काडी उरली नाही. यंदाच्या दुष्काळात उपाशी गाय दुसरं काय खाणार होती? तुम्ही असतात तर कडाकडा भांडले असते. आता कोणाशी भांडू?

काम सुरू केलंय. नुसतं छाटलं की दुप्पट फुटतं, जाळलं तरी फुटतं. मूळ खणूनच काढावं लागतं, तेही फळं पिकण्याआधी. शेतावरची सखूबाई कुदळ टेकून म्हणाली, "मालकानं लावलेलं उपटून राहिल्या बाई, सपनात येतील ना!"

"येऊ दे. त्यांच्याही हातात कुदळ देईन."

ती हसली. मला हसू आलं नाही.

फाटकाजवळचं पहिलं झुडूप अजून उभं आहे. तुम्ही आळं करून लावलेलं. तुमच्या हातचं शेतावर आता तेवढंच उरलंय. कुदळ घेऊन गेले आणि तशीच परत आले. पण काल चांदणीची कालवड तीच पानं हुंगत होती.

उद्या ते मी काढणार. स्वतः. पाऊस पडला की तिथं पवन्याचं बी टाकीन, आणि रायमुनियाचा कोंब दिसेल तेव्हा उपटीन, हात चालतील तोवर.

रागवायचं तर रागवा. कालवड मी मरू देणार नाही.

तुमची,
मालती