सॅडल तेलात मुरवण्याचं शास्त्र

३ फेब्रुवारी १९१३, सोमवार

आज साहेबांनी ऑफिसात सगळ्यांना गोळा करून हुकूम वाचला. खात्याला एक फिरता इन्स्पेक्टर नेमायचा आहे. शाहूवाडीकडची गावं हिंडायची, विहिरी तपासायच्या आणि स्वतःच्या सहीनं रिपोर्ट लिहायचा. अट एकच, स्वतःची सायकल पाहिजे. ऑफिसात सायकली दोघांच्याच. एक माझी, दुसरी माझ्यासमोरच्या टेबलावर बसणाऱ्या भरमाप्पाची.

रविवारी २३ तारखेला ट्रायल. सकाळी सहाला निघायचं, उचगावच्या पाच विहिरी बघायच्या, परत येऊन साहेबांच्या बंगल्यावर बसून रिपोर्ट लिहायचा. ज्याचा रिपोर्ट सरस त्याला जागा.

अकरा वर्षं मी दुसऱ्यांच्या रिपोर्टांच्या नकला करतो आहे. मजकूर दुसऱ्याचा, सही दुसऱ्याची, शाईचे डाग तेवढे माझ्या बोटांवर. ही जागा मला हवी.

भरमाप्पाची काळजी नाही. त्याची सीट फाटकी, वर पोतं बांधून बसतो. असा इसम इन्स्पेक्टर म्हणून शोभेल का? फाटकी माझीही आहे, पण मी गेल्याच महिन्यात मुंबईहून नवं सॅडल मागवलंय. याला दूरदृष्टी म्हणतात.

निश्चय: १) सॅडल स्वतः बसवायचं. २) रोज पहाटे प्रॅक्टिस. ३) भरमाप्पाला पत्ता लागू द्यायचा नाही.

५ फेब्रुवारी, बुधवार

पार्सल आलं! अस्सल चामडं, ताणून बसवलेलं, वाजवलं तर हलगीसारखं वाजतं. सोबत इंग्रजी चोपडं. चित्रं बघितली, सगळी समजली. मजकूर म्हणजे चित्रांचाच विस्तार असणार, तो वाचण्यात वेळ घालवला नाही.

शांतव्वानं टिचकी मारून बघितली. म्हणाली, "अवो, ह्ये तर पाट्यागत हाय की. ह्यावर बसणार का चटणी वाटणार?" बायकोला मशिनरीतलं काय कळणार.

आज पहाटेची प्रॅक्टिस झाली नाही. सॅडलची वाट बघत होतो.

६ फेब्रुवारी, गुरुवार, रात्री आठ

जुन्या सॅडलचा नट गंजलेला. पाना नव्हता म्हणून सांडशी वापरली. नट निघाला. सांडशीही निघाली, म्हणजे तिचे दोन भाग झाले. शांतव्वा चुलीवरचं पातेलं पदरानं उतरवत बरंच काही बोलली. निम्मं कानडीत होतं, त्यामुळे ते मनावर घ्यायचं कारण नाही.

नवं बसवलं. नाक मुद्दाम चार बोटं वर ठेवलंय. उतारावर माणूस पुढं घसरू नये, ही त्यातली अक्कल. चोपड्यातल्या चित्रात नाक सपाट आहे, पण ते चित्र विलायतेतलं. तिथं उतार नसावेत.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

नाक वर नको. सविस्तर लिहिण्यासारखं नाही.

८ फेब्रुवारी, शनिवार

नाक खाली केलं. गल्लीच्या तोंडापर्यंत गेलो. सगळा वेळ हँडलवर पोट टेकून होतो. समोरून येणाऱ्या भाजीवाल्या बनाबाईनं डोक्यावरची पाटी उतरवून विचारलं, "कारकून, बरं न्हाय व्हय? पोटात दुखतंय?" व्यायाम आहे, असं सांगितलं.

९ फेब्रुवारी, रविवार

नाक सपाट केलं. चित्रासारखं झालं, पण मी माझ्या बुद्धीनं केलं. रंकाळ्यापर्यंत जाऊन आलो. आता अँगलचा दोष नाही, हे सिद्ध झालं. दोष चामड्याचा. दगड बरा. परतताना अर्धी वाट सायकल हातात धरून चालत आलो, तेवढेच पाय मोकळे झाले.

शेजारच्या सिकंदरभाईंना सहज दाखवलं. ते घोड्यांची जिनं शिवतात, तीस वर्षं झाली. त्यांनी सॅडलवरून अंगठा फिरवला, खालून वाकून बघितलं आणि म्हणाले, "माल झकास हाय. ह्येला काय करू नगा. रोज थोडं थोडं बसा, म्हैनाभरात तुमच्या बुडाचा आकार घेतंय बघा." मी म्हटलं, महिना कुठला, चौदा दिवस राहिलेत. तर म्हणाले, "मग ट्रायलपुरतं जुन्यावर पोतं बांधून जावा."

पोतं! म्हणजे भरमाप्पा आणि मी सारखेच. घोड्याच्या माणसाला सायकलचं विचारायला गेलो, हीच चूक.

११ फेब्रुवारी, मंगळवार

सुचलं! रात्रभर डोळा नव्हता (पालथं झोपावं लागतं), पहाटे एकदम सुचलं. आपण कोल्हापूरचे. नवं पायताण चावलं तर काय करतो? तेलात ठेवतो. चार दिवसांत पायताण लोणी होतं. पायताण चामड्याचं, सॅडलही चामड्याचं. हाताच्या काकणाला आरसा कशाला? हे मुंबईच्या दुकानदाराला ठाऊक नाही आणि विलायतेच्या कारखानदाराला तर त्याहून नाही. त्यांच्याकडे पायताणं कुठं आहेत?

घरात करडईचं तेल होतं तेवढं परातीत ओतलं, सॅडल पालथं बुडवलं. वर पाटा ठेवला, म्हणजे तरंगणार नाही.

सिकंदरभाई कुडावरून बघत होते. ओरडले, "अवो कारकून, काढा ते भाईर! पायताण येगळं, जीन येगळं! पायताण मऊ पायजे, जीन ताठ पायजे, त्यावर माणूस तोलायचा असतोय!" मी हसून मान हलवली. धंदेवाल्या माणसाला नवीन विचार पचत नाही.

शांतव्वा म्हणाली, "आता ह्येचं भजं तळणार व्हय?" रात्री आमटीला फोडणी नव्हती.

१२ फेब्रुवारी, बुधवार

सॅडल तेल पितंय. परातीतली पातळी दोन बोटं उतरली. शांतव्वानं शेजारून उसनं तेल आणलं, तेही थोडं ओतलं. आता ती माझ्याशी बोलत नाही. शांतता आहे. विचार करायला बरं.

प्रॅक्टिस बंद, सॅडल मुरतंय. मात्र रिपोर्टाची पहिली ओळ तयार केली: "आज्ञेप्रमाणे मी स्वतः समक्ष पाहणी केली." मी! स्वतः! खाली माझी सही असेल. गुरुसिद्ध. चार वेळा सही करून बघितली. चौथी इन्स्पेक्टरची वाटते.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

काढलं. काय सांगू! बोट दाबलं तर आत जातं. बसवलं, बसलो, आणि डोळ्यांत पाणी आलं. नऊ दिवसांत पहिल्यांदा आनंदानं. गादीवर बसल्यासारखं. सिकंदरभाईंच्या दारावरून मुद्दाम तीन फेऱ्या मारल्या. ते सुईत दोरा ओवत होते, त्यांनी मान वर केली नाही. हार पत्करणं कुणाला जड जात नाही?

१५ फेब्रुवारी, शनिवार

सायकलवरून ऑफिसला गेलो. दिवसभर भिंतीला पाठ लावून उभा होतो. कारण असं की धोतरावर मागच्या बाजूला तेलाचा डाग, मोठ्या थाळीएवढा. साहेबांनी दोनदा हाक मारली, दोन्ही वेळा पाठ न दाखवता मागं मागं सरकत आलो. दुसऱ्यांदा दौत लवंडली. साहेब म्हणाले, "फार अदब आहे तुमच्यात." चांगली छाप पडली.

१६ फेब्रुवारी, रविवार

सॅडल किंचित खाली गेलंय. मध्ये.

१७ फेब्रुवारी, सोमवार

बरंच खाली गेलंय. झोळीच झाली आहे. बाजूच्या कडा वर आल्यात आणि मधोमध खालची लोखंडी दांडी लागते. म्हणजे आधी निदान चामड्यावर बसत होतो.

उपाय आहे. नाकाखाली एक नट असतो, तो आवळला की चामडं ताणतं. चित्रात आहे. नवा पाना आणला.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

चित्रात अर्धा फेरा दाखवलाय. झोळी मोठी म्हणून मी चौदा फेरे दिले. बाराव्यापर्यंत उत्तम ताणलं. चौदाव्याला टप असा आवाज झाला. मागची तीन रिव्हेटं चामडं फाडून बाहेर आली. तीनच. दोन अजून शाबूत आहेत.

रात्री अखेर चोपडं वाचलं. पहिल्याच पानावर मोठ्या ठशात छापलंय की तेलात कधीही बुडवू नये. इतकी महत्त्वाची गोष्ट पहिल्या पानावर छापायची? पहिलं पान कोण वाचतं!

१९ फेब्रुवारी, बुधवार

सिकंदरभाई स्वतः आले. दोन बोटांत चामडं उचलून बघितलं आणि म्हणाले, "ह्येचा आता जीव गेला. रात्रीत नवं कातडं चढवून देतो, सांगा." माणूस मनाचा चांगला आहे. पण भरमाप्पाच्या भावाच्या टांग्याचं सामान तेच शिवतात. उद्या भरमाप्पाच्या कानावर गेलं तर? नको म्हणालो. तेल निथळलं की आपोआप घट्ट होईल, असंही सांगितलं. ते चामडं खाली ठेवून गेले.

शांतव्वा म्हणाली, "तेल गेलं, तूप गेलं, हाती धुपाटणं आलं. जुनं हाय न्हवं माळ्यावर? त्येच बशिवा. मी जाड वाकळ शिवून देतो वर." मी स्पष्ट सांगितलं, इन्स्पेक्टर वाकळेवर बसत नाही. ती म्हणाली, "आधी व्हा तरी." हे मला लागलं. तिला वाटतं मला हौस आहे. हौस नाही. अकरा वर्षांत एक ओळ माझी नाही, हे कुणाला सांगायचं?

२२ फेब्रुवारी, शनिवार

सगळी तयारी झाली. फाटलेला भाग सुतळीनं दांडीला सोळा वेढे देऊन बांधला. झोळी खाली येते म्हणून सॅडलच वीतभर वर चढवलं. हिशेब बरोबर. पेडलला आता फक्त चवडे पोचतात, पण उंचीमुळे रुबाब येतो. विहिरीही वरून जास्त चांगल्या दिसतील.

लवकर झोपतो. उद्याचा रिपोर्ट अर्धा पाठच आहे.

२३ फेब्रुवारी, रविवार, दुपारी चार. पालथा पडून लिहीत आहे.

ट्रायल यशस्वी. अडचणी किरकोळ.

गावाबाहेर पडलो आणि सुतळी सुटली. उरलेली दोन रिव्हेटंही गेली. चामडं दोन्ही बाजूंनी लोंबायला लागलं आणि मधे उरली दांडी. दोनदा टेकून बघितलं. तिसऱ्यांदा धीर झाला नाही. तिथून उचगाव आणि उचगावहून परत पेडलवर उभा राहून गेलो. आमच्या खात्यात हे आजवर कुणी केलं नसेल.

भरमाप्पा पोत्यावर बसून मागून आला. म्हणाला, "गुरुसिद्धा, बस की मर्दा! असा का हुबा?" म्हटलं, बघायला सोपं जातं. तो म्हणाला, "उतर, माझं पोतं घे, मी हळूहळू येतो." माझ्या रिपोर्टाला तो घाबरलाय, हे तेव्हाच ओळखलं. नको म्हणालो.

विहिरी बघितल्या. उतरलो असतो तर परत चढता आलं नसतं, म्हणून चालत्या सायकलवरूनच बघितल्या. पाचपैकी तीन नक्की होत्या. चौथी बहुतेक उकिरडा असावा. भरमाप्पा मात्र प्रत्येक विहिरीत दोर सोडत, बायकांशी बोलत बसला होता. वेळकाढूपणा.

बंगल्यावर साहेबांनी खुर्ची दाखवली, "बसा." माझ्याच्यानं बसवेना. म्हटलं, "आपल्यासमोर बसायची मला सवय नाही, साहेब." ते म्हणाले, "अहो, रिपोर्ट लिहायचाय, बसा." म्हटलं, "मला मुळात बसायचीच सवय नाही." खिडकीच्या कट्ट्यावर कागद ठेवून उभ्यानंच लिहिलं. चार ओळी. पाय इतके लटपटत होते की तिसरी ओळ चौथीवर चढली. खाली सही केली.

भरमाप्पा बसून सहा पानं लिहीत होता. थोडक्यात सांगता येणं ही वेगळी देणगी आहे.

शांतव्वानं मिठाच्या पाण्याचा शेक दिला. लावायला घरात तेलाचा थेंब नव्हता.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

साहेबांनी कुणालातरी विचारलं म्हणे, "तो उभा राहणारा कारकून कोण?" नाव विचारलं! शांतव्वाला सांगितलं. ती म्हणाली, "हूं."

२८ फेब्रुवारी, शुक्रवार

हुकूम लागला. इन्स्पेक्टर भरमाप्पा.

माझंही नाव आहे. खाली. "सदर कारकुनास बसण्याची सवय नसल्याचे त्यांनी स्वतः निवेदन केल्यावरून त्यांची नेमणूक दप्तरखान्यात करण्यात येत आहे." दप्तरखान्यात खुर्ची नाही. जागाच नाही. भिंतीला एक उंच फळी आहे, तिच्यावर कागद ठेवून उभ्यानं लिहायचं. नकलाच करायच्या.

साहेबांनी माझा शब्द न् शब्द लक्षात ठेवला, हे नाकारता येणार नाही.

३ मार्च, सोमवार

पहिलं काम आलं. भरमाप्पाच्या उचगावच्या रिपोर्टाच्या तीन नकला. चांगला लिहिलाय. कुठल्या विहिरीला किती पाणी, कुठली उन्हाळ्यात आटते, कुठल्या कठड्यावरून गेल्या वर्षी एक म्हातारी पडली. मला यातलं काहीच दिसलं नव्हतं.

पाचव्या पानावर आहे: "उचगावच्या वाटेवर एक इसम सायकलवर उभा राहून जाताना आढळला. चौकशी केली. मदत घेण्यास तयार नव्हता." भरमाप्पानं नाव घातलेलं नाही. चांगुलपणानं घातलं नसणार.

अकरा वर्षांत पहिल्यांदा मी एका रिपोर्टात आलो. दोन नकला झाल्या. तिसरीत "एक इसम" लिहिल्यावर टाक थांबला. पुढे थोडी जागा होती, माझं नाव मावलं असतं. पण नकलेत आपलं काही घालायचं नसतं. तसंच लिहिलं आणि पुढच्या ओळीला लागलो.