भुंडे हात

बाई, आपल्या घरात आईला आई म्हणायची रीत नव्हती. सगळे तुला बाई म्हणत, म्हणून मीही म्हणत असे, आणि आज पन्नाशी उलटून गेल्यावर दुसऱ्या कोणत्या नावाने हाक मारावी हे सुचत नाही. हे लिहायला एक शब्द कारण झाला. परवा तुझी नात कॉलेजच्या सुटीत घरी आली. डाव्या मनगटावर घड्याळ, उजवे मनगट मोकळे. ती पाने वाढू लागली तशी तिची आई म्हणाली, "भुंड्या हातानं वाढू नकोस गं. आधी दोन बांगड्या तरी चढव." मुलगी हसली आणि माझ्याकडे वळली. "बाबा, तुम्ही शब्दांच्या बाबतीत इतके काटेकोर. भुंडे म्हणजे नेमके काय, सांगा बरे." मी सांगू लागलो. शिंगे नसलेला बैल भुंडा, शिखर नसलेले देऊळ भुंडे, आणि बांगडी नसलेला बाईचा हात भुंडा. "आणि पुरुषाचा?" पुरुषाच्या हाताला हे विशेषण लावत नाहीत, मी म्हणालो. "म्हणजे तुम्ही जन्मभर तसेच हिंडता, आणि बोलणी मात्र मला!" ती म्हणाली. तिची आई हसली नाही. मीही हसलो नाही. माझे जेवणातले लक्ष उडाले होते.

मुलीला मी जे सांगितले नाही ते असे. रिकामा हात आणि भुंडा हात एक नव्हेत. पाहुणा रिकाम्या हाताने आला, तर त्याने काही आणले नाही, इतकाच अर्थ होतो. बाई भुंड्या हाताने दारात आली, तर लोक तिच्या नवऱ्याची चौकशी करतात. हा शब्द हाताविषयी बोलतच नाही. तिथे जे असायला हवे होते आणि नाही, त्याविषयी बोलतो. मी वाणिज्य शाखेचा पदवीधर, आयुष्यभर दुसऱ्यांच्या हिशेबांची तपासणी केली. जे दिसते त्यापेक्षा जे दिसायला हवे होते आणि दिसत नाही त्यावर नजर ठेवायची, हेच माझे काम. त्या नजरेतून मी कोणालाच सोडले नाही. तुलाही नाही, हे आज लिहून टाकतो.

मानमोडीच्या साथीत वडील गूळ-तुपाचा माल घेऊन हैदराबादेस गेले आणि परत आले नाहीत. मी तेव्हा इतका लहान होतो की त्यांचा चेहरा मला आठवत नाही. खाकरण्याचा आवाज तेवढा आठवतो, तोही कदाचित थोरल्या काकांचा असेल. निजामाच्या राजधानीत त्या साथीने किती माणसे नेली याचा पत्ता कोणाला लागायचा? ते मेले म्हणून कोणी सांगितले नाही, आणि जिवंत आहेत असेही कोणी सांगितले नाही. तू कुंकू लावत राहिलीस, बांगड्या भरत राहिलीस. दर वर्षी पंचमीच्या आधी नेकनूरचा कासार आपल्या ओसरीवर पेटारा उघडून बसे. माल आणायला तो हैदराबादेस जात असे, म्हणून तू सगळ्यांच्या देखत त्याला विचारायचीस, "मामा, तिकडं काही खबर?" तो मान हलवायचा. "न्हाई बाई. लई मोठं शहर हाय." मग तो तुझा हात हातात घेई. त्याची एक पद्धत होती, आणि ती मी पुष्कळ वर्षे पाहिली होती. जुन्या बांगड्या एकेक करून उतरवायच्या, पण शेवटची राहू द्यायची. नव्या चढल्या की मग ती जुनी वाढवायची. फोडली हा शब्द तो तोंडातून काढत नसे. सवाष्णीचा हात क्षणभरही भुंडा होता कामा नये, हा त्याचा नेम होता. भरून झाले की बाईने त्याला वाकून नमस्कार करायचा आणि त्याने आशीर्वाद द्यायचा.

त्या वर्षीची पंचमी मला दिवसाच्या उजेडासारखी स्पष्ट दिसते. मला मिसरूड फुटले आहे, उर्दूतून मॅट्रिकची परीक्षा दिलेली आहे, आणि मी ओसरीच्या दुसऱ्या टोकाला खांबाला टेकून बसलो आहे. काकी आधी भरून घेते आहे. "मामा, औंदा काचेच्या आनल्या का कागदाच्या? गेल्या सालच्या झोक्यावरच वाढल्या की!" कासार म्हणतो, "झोका तुमी आभाळाला न्यायचा आन् बोल माज्या बांगडीला. कावून हो काकी?" काकी खळखळून हसते आणि त्याला द्यायचे जोंधळे आणायला आत जाते. मग तू पुढे बसतेस. कासार खाली बघून काहीतरी बोलतो. त्यातला एकही शब्द मला ऐकू आला नाही, हे मी प्रामाणिकपणे नोंदवतो. तू दोन्ही हात पुढे करतेस आणि म्हणतेस, "समद्या काढा."

त्याचे हात थांबतात. "एक तरी राहू द्या, बाई. भुंडा हुतो हात."

"काढा म्हनलं ना, मामा."

तो काढतो. उजव्या हातातली शेवटची, मग डाव्या हातातली. तू दोन्ही हात मांडीवर उताणे ठेवतेस आणि त्यांच्याकडे बघत बसतेस. रडत नाहीस. आत काकी सूप आपटते, तो आवाज येतो, आणि तू हात पुन्हा पुढे करतेस. "आता भरा. हिरव्याच भरा." तो भरतो. मग तू नमस्कारासाठी वाकणार, तोच तो पाय मागे घेतो, उठतो, आणि स्वतःच तुला हात जोडतो. काकी सूप घेऊन बाहेर येते. "नमस्कार केलास का गं?" तू म्हणतेस, "केला की."

त्या वर्षी तू त्याला खबर विचारली नाहीस. त्यानंतर कधीच विचारली नाहीस. माणूस प्रश्न विचारायचे दोनच कारणांनी थांबवतो: उत्तर मिळाले म्हणून, किंवा मिळण्याची आशा सुटली म्हणून. यातले कोणते, हे मला आजही ठरवता आलेले नाही. पुढच्या वर्षापासून म्हातारा कासार स्वतः यायचा थांबला, मुलाला पाठवू लागला. पुष्कळ वर्षांनी मी त्या मुलाला आडून आडून विचारून पाहिले. तो म्हणाला, "मालक, बाप बांगड्या भरायचा. बोलायचा न्हाई."

पंचमी होऊन थोडे दिवस गेले आणि थोरल्या काकांनी विषय काढला. ते दुष्ट नव्हते, थकले होते. बारा वर्षे होत आली, पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी देऊ, भावाला गती मिळेल, आणि पोराला दुकानावर बसवू, असे ते म्हणाले. त्याचा अर्थ घरातल्या प्रत्येकाला कळत होता. विधी झाला की तुझ्या बांगड्या जाणार, मागच्या खोलीत तुझे अंथरूण जाणार, आणि माझ्याविषयी बोलायचा तुझा अधिकार जाणार. तू त्यांच्यासमोर कधी दाराबाहेर येत नसायचीस. त्या दिवशी पदर सावरून ओसरीवर आलीस आणि हिरव्या बांगड्यांनी भरलेले हात त्यांच्यापुढे धरलेस.

"करा की विधी, दादा. पर आधी ह्या तुमच्या हातानं वाढवा."

काका मागे सरले. "माज्या हातानं? असलं अभद्र बोलू नगा, बाई."

"मग उद्या ते आले आन् इचारलं, पोरगं कावून शिकलं न्हाई, तर जबाब कोन देनार? मी का तुमी?"

काकांनी पुढच्याच आठवड्यात मला मुंबईला पाठवायची तयारी केली. माझी पदवी, माझी नोकरी, आज ज्या टेबलावर मी हे लिहितो आहे ते टेबल, सारे त्या पुढे केलेल्या हातांवर उभे आहे. म्हणूनच मला विचारावेसे वाटते: ते हात तू वाट पाहणाऱ्या बाईचे म्हणून पुढे केलेस, की सगळे ठाऊक असलेल्या बाईचे? पहिले खरे असेल तर ती तुझी श्रद्धा. दुसरे खरे असेल, तर तू सख्ख्या दिराला, जावेला, साऱ्या गावाला आणि मलाही मरेपर्यंत फसवलेस, आणि तेही माझ्यासाठी. माझे मन दुसऱ्या बाजूला झुकते. झुकावे असे मला वाटते, आणि मला जे वाटावेसे वाटते त्यावर मी विश्वास ठेवत नाही.

एक गोष्ट मात्र मला छळते. त्या पंचमीनंतर तू कोणाच्याही लेकीची ओटी भरली नाहीस. हळदीकुंकवाला जायचीस, हसायचीस, पण नव्या नवरीच्या पदरात तांदूळ घालायची वेळ आली की तुझे बोट भाजलेले असायचे, नाहीतर चुलीवर दूध असायचे. आधी तू अशी नव्हतीस. गल्लीतल्या प्रत्येक सुनेची पहिली ओटी तुझी असे. माझ्या लग्नात, तुझ्या स्वतःच्या सुनेची ओटी भरायच्या वेळी, तू ताट काकीच्या हातात दिलेस. "थोरलीचा मान," म्हणालीस. माझ्या बायकोने ते आजवर मनात ठेवले आहे. सासूबाईंना मी पसंत नव्हते, अशी तिची खात्री आहे. माझा संशय असा की ते सौभाग्य तू स्वतःच्या अंगावर वागवलेस, पण दुसऱ्या कोणाच्या पदरात घातले नाहीस. जे तुझ्याजवळ राहिले नव्हते ते तू कोणाला दिले नाहीस. तू निजामी संपायच्या आधीच्या उन्हाळ्यात गेलीस, हिरव्या बांगड्यांनिशी. भाग्याची, अहेव गेली, असे बायका म्हणाल्या. मी मान हलवली. नेमकी कशाला हलवली, ते मला माहीत नव्हते.

काल दुपारी बायको सुपारी कातरत बसली होती, तिला मी सांगितले, "बाईंनी तुझी ओटी भरली नाही ती नापसंतीने नव्हे. तुझे वाईट होऊ नये म्हणून भरली नसावी." कासाराची हकीकतही सांगितली. तिचा अडकित्ता थांबला. तिने विचारले, "हे तुम्हाला कोणी सांगितलं?"

"कोणी नाही. संशय आहे."

"मग इतकी वर्षं का गप्प बसलात?"

"पुरावा नव्हता."

"आता मिळाला?"

"नाही."

"तुमचा पुरावा घाला चुलीत!" ती म्हणाली आणि पदराने डोळे पुसत आत गेली. "एकट्या बाईनं एवढं ओढायचं, आणि मी मेली तिच्या नावानं बोटं मोडत बसले." संध्याकाळी मुलगी पाने वाढायला आली. घड्याळही काढून ठेवलेले. दोन्ही मनगटे मोकळी. मी बायकोकडे पाहिले. तिने ताट पुढे सरकवले आणि म्हणाली, "भाकरी वाढ गं. गरम आहे तोवर."

हे पत्र मी कुठे पाठवणार? घडी करून ठेवून देईन. पण बंद करण्यापूर्वी एक बारीकशी गोष्ट कबूल करतो. बायकोला हकीकत सांगताना मी म्हणालो की तुझे हात भुंडे झाले तेव्हा मी नजर वळवली. ते खरे नाही. मी शेवटपर्यंत पाहत होतो. बांगड्यांखालची कातडी गोरी राहिलेली, मनगटाचे हाड जरा वर आलेले, करंगळी किंचित आत वळलेली. त्या क्षणी मला तो शब्द आठवलाच नाही, बाई. मी माझ्या हातांकडे पाहिले, आणि मग पुन्हा तुझ्या. ते हुबेहूब सारखे होते.