हात वर करून

३ मार्च, सकाळ
आमच्या कपड्यांच्या कारखान्यात इस्त्री हॉलचं मागचं दार उघडणार. सुपरवायझरनी स्वतः कन्फर्म केलं. अट एकच, पोरांनी मतदान करून मागायचं. चोरी होते म्हणून बाहेरून कुलूप असतं. परवा हॉलमध्ये वाफ कोंडली तेव्हा माझी ताई, ती इस्त्रीवर असते, त्याच दारावर धडका मारत होती. मतदान मी घेणार. कामगार समितीचा अध्यक्ष आहे, बिनविरोध. दुसरं कोणी उभंच राहिलं नाही, इतका विश्वास.

५ मार्च
जेवणाच्या सुट्टीत मोबाईलवर इतर देशांतली तरुण मुलं पाहिली. चौकात जमतात, हात वर करतात, सरकारं हलतात. आपणही हात वर करूनच. ताई म्हणाली, शहाण्या, चिठ्ठ्या टाक, सगळ्यांना पोटं आहेत. मी म्हटलं, लोकशाहीत लपवायचं काय? हिला प्रोसेस कळत नाही.

७ मार्च
ऐतिहासिक दिवस. झाडून सगळे हात वर. ताईचा सर्वांत आधी. माझी लाज राखायला, असं नंतर म्हणाली. माझा नव्हता, अध्यक्षाने मोजायचं असतं. सुपरवायझरनी फोटो काढला. बहुतेक कंपनीच्या मासिकासाठी.

१० मार्च
फोटोतल्यांना एकेक करून ऑफिसात बोलावताहेत. संवाद सुरू झाला म्हणायचा. दार अजून बंद. मोठ्या निर्णयांना वेळ लागतो.

१२ मार्च
ताईला काढलं. आणखीही काही जणांना. काम कमी झालंय म्हणे. योगायोग. आईने ताट वाढलं आणि आत निघून गेली. ताईने विचारलं, फोटोत तू कसा नाहीस रे? निःपक्षपातीपणा समजावून सांगितला. ती म्हणाली, बरं झालं, घरात एक तरी कामावर राहिला.

१६ मार्च
मला इस्त्रीवर टाकलं, ताईच्याच टेबलावर. तळागाळाशी संपर्क राहील. टेबल मागच्या दाराला लागून आहे. पत्र्यावर तिच्या धडकांचे पोचे आहेत. हात लावून पाहिला. पत्रा तापलेला होता.

१७ मार्च, संध्याकाळ
सुपरवायझर म्हणाले, गैरसमज नको, उद्या फेरमतदान. हात वर करूनच, तुझीच पद्धत चांगली. मोजणार मात्र ते. पोरं दिवसभर माझ्याशी बोलली नाहीत. विचार करत असावीत. घरी ताईने विचारलं, उद्या तुझा हात? म्हटलं, अर्थात, सर्वांत आधी.

उजवा खांदा सकाळपासून दुखतोय. इस्त्रीची सवय नाही. उद्यापर्यंत हात वर जाईल असं वाटत नाही.